दोघींचा पासवर्ड

आमच्या विहाराच्या अभ्यासिकेत वायफाय होतं, पण ते असंच कुणालाही मिळत नसे. पैसे लागत नसत. आत्याला तोंड द्यावं लागे.

दारापाशी प्लॅस्टिकच्या खुर्चीवर ती बसलेली असायची. पांढरं पातळ, नाकावर घसरलेला चष्मा, मांडीवर वही. पोरगा असो की पोरगी, आल्या आल्या पहिला प्रश्न, "काय वाचून राह्यला?" पोलीस भरती म्हटलं की, "मंग धावाले गेलता का सकाळी?" नर्सिंग म्हटलं की, "रगत पाहून भेव नाई वाटत तुले?" उत्तर पटलं तरच ती त्यांचा मोबाइल आपल्या हातात घ्यायची आणि पासवर्ड स्वतः टाकायची. सांगायची नाही कुणालाच. एकच बोट चालायचं तिचं, आणि प्रत्येक अक्षराला ओठ हलायचे. दर रविवारी वंदना झाली की पासवर्ड बदलायचा, हा नियमही तिचाच. पोरं वैतागायची. पण परीक्षेला निघताना आधी तिच्या पाया पडून जायची.

आत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. नवरा लवकर गेला, लेकरू नाही. माझी आई रोवणीला, निंदणाला, कापणीला जायची, त्यामुळे मला खरं वाढवलं आत्यानंच. शाळा तिनं पाहिली नव्हती. मराठी अक्षरं प्रौढांच्या वर्गात शिकली, आणि इंग्रजी अक्षरं साठी उलटल्यावर, या वायफायच्या पायी. मोबाइलवर अक्षरं ओळीनं का नाहीत म्हणून माझ्याशी कडाकडा भांडली होती. "ए च्या बाजूले एस काऊन बसला? बी कुठी गेला मंग?" मी म्हटलं, आत्या, मी नाई बनवला तो. तर म्हणाली, "ज्यानं बनवला त्याले शाळेत घाला पहिले."

मी नेट लावून देण्याचं काम करते. ब्रह्मपुरीच्या आजूबाजूची गावं, आणि वैनगंगा ओलांडून गडचिरोलीच्या बाजूची काही. शिडी, ड्रिल मशीन, वायरचं बंडल स्कूटीला बांधून फिरते. खांबावर चढलेली बाई दिसली की लोक खालून विचारतात, "मिस्त्री कुठी हाय?" सुरुवातीला मी नीट समजावून सांगायची. आता सरळ म्हणते, "मिस्त्री वर हाय भाऊ, तुमी शिडी धरा." राग माझ्या नाकावर असतो हे मला मान्य आहे. आत्याच्या हाताखाली वाढलेल्या माणसाचा दुसरीकडे कुठे असणार?

विहारातला राउटर मीच लावला होता. राउटरला दोन पासवर्ड असतात. एक वायफायचा, जो पोरांच्या मोबाइलमध्ये जातो. दुसरा खुद्द राउटरच्या सेटिंगचा, आणि खरी सत्ता त्याच्याकडे. कुणाला नेट द्यायचं, कुणाचं तोडायचं, एखाद्यानं एक साईट मागितली तर त्याला नेमकं कुठे न्यायचं, हे सगळं त्या सेटिंगमधून बदलता येतं. हा दुसरा पासवर्ड आत्यानं स्वतः बनवला. लांबलचक, मध्ये आकडे घालून, चिन्हं घालून. तो आम्हा दोघींनाच ठाऊक होता; रविवारी वायफायचा पासवर्ड बदलताना आत्या आधी हाच टाकायची. बनवून झाल्यावर पदरानं चष्मा पुसत म्हणाली, "आता कोनाचा बाप आला तरी उघडत नाई."

मलाही तसंच वाटलं. म्हणून मी आणखी एक सोय करून ठेवली. राउटरची सेटिंग फक्त विहारात बसूनच नाही, तर बाहेरून, कुठूनही उघडता येईल अशी ठेवली. माझ्या सगळ्याच गिऱ्हाइकांकडे मी तसं करायची. मी कुरखेड्याकडे एखाद्या खांबावर लटकलेली असताना आत्याचा फोन यायचा, "नेट मुंगीवानी चालून राह्यलं, पाय बरं." मग खाली उतरून, टपरीवर चहा सांगून, मोबाइलवरून विहारातला राउटर ठीक करायची. पावसाळ्यात नाले भरले की इकडचा माणूस इकडे आणि तिकडचा तिकडे. अशा वेळी या सोयीमुळे मला स्वतःच्या हुशारीचं मोठं कौतुक वाटायचं. पासवर्ड पक्का आहे ना, मग भीती कसली?

धान कापणीच्या दिवसांत ती भानगड झाली. दुपारी एक पोरगी अभ्यासिकेत बसून नर्सिंगच्या परीक्षेचा फॉर्म भरत होती. तिनं साईट उघडली आणि फॉर्मच्या जागी नको ते चित्र आलं. घाबरून तिनं बंद केलं, पुन्हा उघडलं, पुन्हा तेच. शेजारच्या पोरीनं आपल्या मोबाइलवर पाहिलं, तिथेही तेच. स्वतःच्या डेटावर मात्र साईट बरोबर उघडत होती. पोरगी रडत घरी गेली, आणि सांज व्हायच्या आत पूर्ण मोहल्ल्यात झालं की विहाराच्या वायफायवर घाण दिसते. विहारात, बापा! कुणाला काय तोंड दाखवायचं?

मी धावत आले. पाहते तर सेटिंग बदललेली. कुणीतरी राउटरला सांगून ठेवलं होतं की इथल्या माणसानं साईटचं नाव घेतलं की पत्ता आम्हाला विचार. आणि ते पत्ता भलताच देत होते. मी राउटरची वायरच काढून टाकली.

विहार समितीचे अध्यक्ष म्हणजे निवृत्त तलाठी, आम्ही त्यांना भाऊ म्हणतो. सज्जन माणूस. त्यांनी मला तीनच गोष्टी विचारल्या.

"सेटिंग बदलाले पासवर्ड लागते न?"

"लागते."

"तो कोनाकोनाले माहीत हाय?"

"आत्याले. अन् मले."

"तू कोनाले सांगतला?"

"नाई."

भाऊंनी सुस्कारा टाकला. "तुह्या त धंद्याचा सवाल हाय, तू काऊन सांगशीन. मंग बाईच्याच तोंडून गेला असल. वय झालं न आता." समितीतलं आणखी कुणी म्हणालं, टाकताना ती पुटपुटते, बाजूला उभं राहून एखाद्या पोट्ट्यानं ऐकला असेल. तिला कुणी लबाड म्हटलं नाही. सगळे हळहळतच बोलत होते, आणि तेच जास्त वाईट होतं. ठरलं असं की रविवारी वंदनेनंतर बैठक घ्यायची, आणि तोवर अभ्यासिका बंद. पुढे दुसऱ्या कुणाला तरी बसवायचं.

त्या वेळी मी म्हणायला हवं होतं की थांबा, मला तपासू द्या. मी गप्प राहिले.

घरी आत्या सुपात तांदूळ घेऊन निवडत बसली होती. मी समोर बसले. विचारलं, "आत्या, सेटिंगचा पासवर्ड कोनाले सांगतला होता का?"

"नाई," ती म्हणाली. वर पाहिलंही नाही.

झालं होतं ना उत्तर? पण मी पुन्हा विचारलं. ज्या गोड आवाजात मी म्हाताऱ्या गिऱ्हाइकांना विचारते ना, की बाबा, चुकून एखादं बटन दाबलं का, त्या आवाजात. "आठवून त पाय. चुकून, बोलता बोलता, एखाद्या वेळी..."

तिचे हात थांबले. तिनं माझ्याकडे पाहिलं, बराच वेळ पाहिलं. मग सुपातले खडे वेचत हळूच म्हणाली, "आता तू म्हनते त... मी पुटपुटतो न टाकताना. गेला असल तोंडातून." आणि सूप तसंच ठेवून आत गेली.

दुसऱ्या दिवशी तिनं स्वतः होऊन अभ्यासिकेची किल्ली भाऊंच्या घरी नेऊन दिली.

मग पुढचे दिवस ती अंगणात बसून राहायची. अभ्यासिकेकडे जाणाऱ्या वाटेकडे पाठ करून. पोरं यायची, "आत्या, कवा उघडनार?" म्हणायची, आणि ती म्हणायची, "मले काय माहीत बाबू." ताटातला भात उरायला लागला. हातात घेतलेली गोष्ट मध्येच सोडून द्यायची. मला वाटलं, संपलं, हिचा स्वतःवरचा भरवसाच गेला. आयुष्यभर जिनं कुणाचं एक वाक्य इकडचं तिकडे केलं नाही, मोहल्ल्यातल्या बायांनी आपली सगळी गुपितं जिच्या पोटात टाकली, ती बाई आता आपलं तोंड आपल्या ताब्यात नाही असं धरून चालली होती.

शनिवारी जेवताना म्हणाली, "उद्या मी सांगून टाकतो. माहीच चुकी झाली म्हनतो. मंग अभ्यासिका चालू करतीन ते. लेकरायची परीक्षा आली, त्यायचं नुकसान काऊन?"

आणि मला सुटल्यासारखं वाटलं. लिहिताना लाज वाटते, पण वाटलं होतं.

त्याच दुपारी मी तो राउटर घेऊन बसले. सगळं पुसून, कोरा करून, नव्यानं लावायचा म्हणून कंपनीच्या साईटवर त्याचं ताजं सॉफ्टवेअर शोधायला गेले. तिथे सूचना होती. या मॉडेलमध्ये एक खोट सापडली आहे. सेटिंगच्या पानाचा पत्ता एका विशिष्ट वाकड्या पद्धतीनं मागितला, तर राउटर पासवर्ड न विचारताच ते पान उघडून देतो. ताबडतोब अपडेट करा, आणि बाहेरून सेटिंग उघडण्याची सोय बंद ठेवा.

मी मोबाइल ओढला. कारण हे मी आधी वाचलं होतं. मोबाइलवर मेल शोधली. होती. ऐन पावसाळ्यात आलेली, आणि मी उघडलेली. कुठे उघडली तेही आठवलं: नाल्याला पूर आलेला, अलीकडच्या काठावर जीपमध्ये आम्ही सगळे प्रवासी अडकलेलो, वेळ जात नव्हता म्हणून मेल वाचत बसले होते. तेव्हा मनाशी म्हटलं होतं, पाऊस उघडला की पाहू. पाऊस उघडला, आणि मी विसरले.

पिशवीत त्याच मॉडेलचा दुसरा राउटर होता. त्याला लांबलचक पासवर्ड घातला, आणि मग वाकड्या वाटेनं ते पान मागितलं. उघडलं. काही विचारलं नाही, काही अडवलं नाही. आत्यानं जीव लावून बनवलेला, दोन वर्षं जपलेला तो पासवर्ड त्या चोरानं फोडला नव्हता. त्याला कुणी तो विचारलाच नव्हता. आणि गावाबाहेरून त्या पानापर्यंत यायची वाट मीच करून ठेवली होती, चहा पिता पिता काम व्हावं म्हणून.

आता खरं सांगायचं तर मी लगेच उठून आत्याकडे गेले नाही. मी हिशेब मांडला. उद्या हे सांगितलं की सोमवारी ब्रह्मपुरीभर पसरेल. माझ्या गिऱ्हाइकांच्या घरी हेच राउटर, हीच उघडी वाट. कोण मला पुन्हा दारात उभं करील? आणि नाही सांगितलं, तर गुपचूप अपडेट टाकायचं, बाहेरची वाट बंद करायची, कुणाला कधी कळणारही नाही. आत्या तर हो म्हणायला तयारच होती. गॅसवरचा चहा उतू जाऊन शेगडी विझली तरी मला कळलं नाही. संध्याकाळीही तिला काही बोलले नाही. हिंमत झाली नाही.

रविवारी वंदना झाली, सगळे सतरंजीवर बसले. भाऊ काही बोलायच्या आत आत्याच उभी राहिली. एका हातानं भिंतीचा आधार घेतला होता. "माह्याकडून..." तिनं सुरुवात केली.

"आत्या, खाली बस!"

विहारात असं कुणी ओरडत नाही. सगळे वळून पाहायला लागले. मला राग आला होता, तिचा, भाऊंचा, सगळ्यात जास्त माझा. मी पिशवीतून त्याच मॉडेलचा दुसरा राउटर काढून टेबलावर ठेवला, सुरू केला, त्याच्या वायफायवर भाऊंचा मोबाइल जोडला. म्हटलं, "भाऊ, तुमाले याच्या सेटिंगचा पासवर्ड माहीत हाय?"

"नाई बा."

"मंग हे पाहा." मी पान उघडून मोबाइल त्यांच्या हातात दिला. "पासवर्ड विचारला का यानं तुमाले?"

भाऊंनी चष्मा वर केला, खाली केला. "नाई विचारला."

"आत्याले कोनी विचारला नाई अन् तिनं कोनाले सांगतला नाई. मशीनमंधीच खोट होती. कंपनीनं मले पावसाळ्यात मेल करून सांगतलं होतं, मी वाचलं अन् सोडून देल्लं. अन् बाहेरून उघडाची सोय मी ठेवली होती, माह्या सोयीसाठी. चूक माही हाय. पूर्ण माही."

भाऊंनी मोबाइल टेबलावर ठेवला. मग विचारलं, "पन त्या चोराले आपलं गाव कसं काय माहीत झालं?" मी म्हटलं, त्याला गाव माहीत नाही, विहार माहीत नाही, आपण कोण तेही माहीत नाही. त्याची मशीन दुनियाभर फिरून दारं ढकलून पाहते, जे उघडलं त्यात शिरते. फॉर्म भरणारी ती पोरगी मागून उठली आणि काही न बोलता आत्याला चिकटून बसली. भाऊंनी किल्ली आणून दिली, हात जोडले. "बाई, चुकलं आमचं." आत्यानं किल्ली कमरेला खोचली. माझ्याकडे पाहिलं नाही.

सोमवारपासून मी एकेक गिऱ्हाईक धरलं. प्रत्येकाला आधी काय झालं ते सांगायचं, मग अपडेट टाकायचं, बाहेरची वाट बंद करायची, पासवर्ड बदलायचा. काही राउटर इतके जुने की कंपनीनं त्यांचं नावच सोडून दिलेलं. ते भिंतीवरून उतरवायचे आणि म्हणायचं, हा आता वापरू नका. काहींनी चहा पाजला. काहींनी झापझाप झापलं, आणि ते ऐकून घेताना माझ्यासारखीला किती जड गेलं ते मलाच माहीत.

आत्या पहिल्या दिवशीच म्हणाली होती, "मी बी येतो." मागे बसायची, मांडीवर राउटरची पिशवी. मी वर चढले की खालून शिडी धरायची. मी लोकांसमोर माझी चूक कबूल करत असताना भिंतीकडे पाहत उभी राहायची. पण रविवारपासून माझ्याशी सरळ शब्द नव्हता. "चाल", "थांब", "वायर घे". बस.

तिसऱ्या दिवशी पुलाच्या अलीकडे एका टपरीवर आम्ही भजे सांगितले. मला राहवेना. म्हटलं, "आत्या, मले माफ कर. तुले दुसऱ्यांदा विचाराले नोको होतं मी."

"पहिल्यांदा विचारलं ते बरोबर होतं," ती म्हणाली. "तुहं काम हाय ते. दुसऱ्यांदा काऊन विचारलं?"

 मी म्हटलं, "तू हो म्हनावं म्हनून. तू हो म्हटलं की माह्यावर येनार नव्हतं." आणि रडायलाच लागले, भर रस्त्यावर, भजेवाल्यासमोर, एवढी मोठी घोडी.

तिनं पदरानं माझं तोंड पुसलं, लहानपणी पुसायची तसं, खसाखसा.

"मले माहीत होतं," ती म्हणाली.

"काय?"

"मी कोनाले सांगतलं नाई, हे मले पक्कं माहीत होतं. याद बिलकूल चांगली हाय माही. पन तू दुसऱ्यांदा विचारलं, तवा तुह्या तोंडचं पानी पळालं होतं. म्हटलं, पोरीनं काई तरी करून ठेवलं हाय. मंग म्हटलं, जाऊ दे. येऊ दे माह्यावर. माहं आता काय जाते."

 म्हणजे ते पुटपुटण्याचं निमित्त, ते तोंडातून गेलं असेल म्हणणं, भिंतीला धरून उभं राहणं, सगळं माझ्यासाठी. आणि मी ते तिचं म्हातारपण समजले होते.

"अन् मी उठली नसती तं?" मी विचारलं.

आत्यानं एक भजं मोडलं, अर्धं माझ्या हातावर ठेवलं. "तू उठली नसती तरी मी कोनाले काईच सांगतलं नसतं," ती म्हणाली. "फक्त तुह्या हातचं पानी पेली असती का नाई, ते मले सांगता येत नाई."